विकत घेतलेला खेळ आपला असतो का?

या सदराकडे येणाऱ्या पत्रांत अलीकडे एक प्रश्न वारंवार दिसू लागला आहे. थोरल्या मुलाला नोकरी लागली आणि त्याने टीव्हीला जोडून खेळायचे कन्सोल घरी आणले. कुणी ते दिवाळीच्या बोनसमधून आणले, कुणी हप्त्यावर, तर कुणी कंपनीतल्या मित्राचे जुने घेतले. यंत्र आले म्हणजे खर्च संपला, असे आईवडिलांना वाटते. पण शिलाई यंत्र आणले म्हणून कापड फुकट मिळत नाही. तसेच येथेही आहे. नवा खेळ घ्यायचा तर एकेक चार-पाच हजार रुपयांना पडतो. मग घरात वाद सुरू होतो. थोरला म्हणतो, "आई, महिन्याची वर्गणी भरली की शेकडो खेळ खेळता येतात. विकत कशाला घ्यायचे?" धाकटा म्हणतो, "वर्गणीतले खेळ निघून जातात. विकत घेतला की तो कायमचा आपला."

दोघेही अर्धेच खरे बोलतात. आणि पैसे द्यायचे असतात ते आईने, नाहीतर रात्रपाळी करून आलेल्या वडिलांनी. म्हणून या वेळी हा हिशेब नीट मांडायचे ठरवले आहे. मुलांनी खेळावे की नाही, किती वेळ खेळावे, हा आजचा विषय नाही. खेळायचे ठरलेच असेल तर घामाचा पैसा कोठे घालावा, एवढेच आज पाहू.

वर्गणी म्हणजे वाचनालय

वर्गणीची कल्पना आपल्याला नवी नाही. महिन्याला ठराविक रक्कम भरायची, वाचनालयातून पुस्तक आणायचे, वाचून परत करायचे. पुस्तक आपले होत नाही, पण वाचन आपले होते. खेळांच्या वर्गणीचे तत्त्व हेच आहे. सोनी कंपनीने 'प्लेस्टेशन प्लस' ही योजना २०१० साली सुरू केली आणि जून २०२२ मध्ये तिचे तीन दर्जे केले. आपल्याकडे त्यांची नावे इसेन्शियल, एक्स्ट्रा आणि डिलक्स अशी आहेत. मायक्रोसॉफ्टने आपल्या एक्सबॉक्स यंत्रासाठी 'गेम पास' जून २०१७ मध्ये आणला. वर्गणी चालू आहे तोवर यादीतला कोणताही खेळ उतरवून घ्यायचा आणि खेळायचा. वर्गणी थांबली की खेळाला कुलूप.

मात्र आपल्या वाचनालयात आणि या वाचनालयात एक मोठा फरक आहे. आपल्या वाचनालयात पुस्तक परत करतो तो वाचक. येथे वाचनालयच पुस्तके परत करते, आणि तीही तुमचे वाचून अर्धे झालेले असताना. कारण यादीतले बरेचसे खेळ दुसऱ्या कंपन्यांचे असतात. त्यांच्याशी ठराविक मुदतीचा करार असतो. मुदत संपली की खेळ यादीतून जातो. 'रेड डेड रिडेम्प्शन २' हा खेळ मे २०२० मध्ये गेम पासमध्ये आला आणि त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये निघून गेला. 'ग्रँड थेफ्ट ऑटो ५' प्लेस्टेशनच्या वरच्या दर्जाच्या यादीत डिसेंबर २०२३ मध्ये आला आणि जून २०२४ मध्ये गेला. हे दोन्ही खेळ लांबलचक आहेत. आठवड्यातून एकदा, सुट्टीच्या दिवशी दोन तास खेळणाऱ्या मुलाचा असा खेळ चार-सहा महिन्यांत पुरा होत नाही. कंपनी जाणाऱ्या खेळांची नावे आधी कळवते, पण ती वाचतो कोण?

दुसरी गोष्ट दराची. वर्गणीचा दर ठरवण्याचा अधिकार आपल्या हाती नसतो. प्लेस्टेशनच्या पहिल्या दर्जाची वर्षाची वर्गणी भारतात २०२२ साली २,९९९ रुपये होती. सप्टेंबर २०२३ मध्ये ती ३,९४९ झाली. मधल्या दर्जाची ४,९९९ वरून ६,६९९ वर गेली. गेम पासच्या सर्वांत वरच्या दर्जाचा महिन्याचा दर ऑक्टोबर २०२५ मध्ये ८२९ रुपयांवरून १,३८९ रुपये करण्यात आला. अमेरिकेतही त्याच वेळी तो जवळजवळ २० डॉलरवरून ३० डॉलर झाला. हे दर पुढेही खाली-वर होत राहतील, म्हणून पैसे भरण्याच्या दिवशीचा दर स्वतः पाहून घ्यावा. पण दिशा ध्यानात ठेवावी. आधी स्वस्तात सवय लावायची आणि सवय लागली की दर चढवायचा, हा व्यापाराचा जुनाच धडा आहे.

'विकत' या शब्दाची उकल

आता धाकट्याचे म्हणणे तपासू. "विकत घेतला की तो कायमचा आपला." खेळ डिस्कवर, म्हणजे तबकडीवर घेतला असेल तर हे पुष्कळसे खरे आहे. पण हल्ली बहुतेक खरेदी डिस्कवर होत नाही. यंत्रावरच दुकान उघडते, 'खरेदी करा' असे बटण येते, पैसे कापले जातात आणि खेळ इंटरनेटवरून उतरतो. हाताला काहीच लागत नाही. आपण विकत घेतो तो खेळ वापरण्याचा परवाना. हा परवाना तुमच्या खात्याच्या नावावर असतो. तो दुसऱ्याला विकता येत नाही, मामेभावाला चार दिवस देता येत नाही, आणि कंपनीच्या अटींनुसार मागे घेतलाही जाऊ शकतो.

मुंबईच्या जुन्या चाळींत राहिलेल्या वाचकांना ही व्यवस्था चटकन समजेल. पगडीची खोली घेताना माणूस लाखांत रक्कम मोजतो. जवळजवळ विकत घेतल्यासारखीच. तरीही कागदावर तो भाडेकरूच असतो आणि इमारत मालकाचीच राहते. डिजिटल खेळाची 'खरेदी' ही अशीच पगडी आहे. रक्कम पूर्ण खरेदीची, हक्क भाडेकरूचा. फरक एवढाच की पगडीवाल्या भाडेकरूला भाडे नियंत्रण कायद्याचा आधार आहे. मालकाचा वाटा देऊन तो खोली दुसऱ्याच्या नावावर करू शकतो आणि आपले पैसे मोकळे करू शकतो. डिजिटल खेळाच्या भाडेकरूला यातले काहीच नाही.

हे नुसते शब्दांचे खेळ नाहीत. प्रत्यक्ष घडलेल्या गोष्टी पाहा.

युबिसॉफ्ट या कंपनीने 'द क्रू' नावाचा मोटारींच्या शर्यतीचा खेळ डिसेंबर २०१४ मध्ये बाजारात आणला. तो चालायला कंपनीचा सर्व्हर लागत असे, एकट्याने खेळायचा असला तरी. डिसेंबर २०२३ मध्ये कंपनीने त्याची विक्री थांबवली आणि ३१ मार्च २०२४ रोजी सर्व्हर बंद केले. त्या दिवशी पूर्ण किंमत मोजून घेतलेल्यांचाही खेळ संपला. पुढच्या महिन्यात तर अनेकांच्या खात्यांतून त्याचा परवानाही काढून घेण्यात आला. ज्यांच्याकडे डिस्क होती त्यांच्याही हाती नुसती तबकडी उरली, कारण खेळाचा जीव सर्व्हरमध्ये होता.

गुगलने 'स्टेडिया' ही सेवा नोव्हेंबर २०१९ मध्ये सुरू केली. तिच्यावर लोकांनी खेळ विकत घेतले. १८ जानेवारी २०२३ रोजी सेवा बंद झाली. गुगलने खेळांचे पैसे परत केले, ही त्यातली समाधानाची बाब. पण पैसे परत देणे ही त्यांनी दाखवलेली सुबुद्धी होती. प्रत्येक कंपनी ती दाखवेलच असे नाही.

पुस्तकांच्या बाबतीतही हे घडून गेले आहे. जुलै २००९ मध्ये ॲमेझॉनने आपल्या किंडल यंत्रावर ग्राहकांनी पैसे देऊन घेतलेल्या पुस्तकाच्या काही प्रती दूर बसून पुसून टाकल्या. ज्याने त्या प्रती दुकानात चढवल्या होत्या त्याच्याकडे हक्क नव्हते, असे कारण होते. पैसे परत मिळाले आणि कंपनीच्या प्रमुखाने नंतर माफीही मागितली. पुस्तक कोणते होते? जॉर्ज ऑर्वेलचे 'नाइन्टीन एटी-फोर'. नको असलेला मजकूर सत्ता कशी नाहीशी करते, हेच ज्यात सांगितले आहे ते. घरातल्या कपाटातले पुस्तक उचलून नेण्यासाठी कुणाला तरी दारात यावे लागते. यंत्रातले पुस्तक न्यायला कुणी दारातही येत नाही.

घाबरून जाण्याचे मात्र कारण नाही. खेळ विक्रीतून जाणे आणि आपल्या हातून जाणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. फुटबॉलच्या 'फिफा' मालिकेचे जुने खेळ २०२३ साली दुकानांतून काढण्यात आले. 'फोर्झा होरायझन ४' हा शर्यतीचा खेळ डिसेंबर २०२४ मध्ये विक्रीतून गेला. असल्या खेळांत खऱ्या मोटारी, खरी गाणी, खऱ्या संघांची नावे असतात आणि त्यांच्या हक्कांची मुदत संपते. पण ज्यांनी ते आधीच घेतले होते त्यांच्याकडे ते राहिले. निंटेंडोने वी यू आणि थ्री डीएस या यंत्रांची दुकाने २७ मार्च २०२३ रोजी बंद केली, मायक्रोसॉफ्टने एक्सबॉक्स ३६० चे दुकान २९ जुलै २०२४ रोजी. तेव्हाही जुन्या ग्राहकांना घेतलेले खेळ पुन्हा उतरवून घेण्याची सोय ठेवण्यात आली. म्हणजे डिजिटल खरेदी बहुतेक वेळा वर्षानुवर्षे टिकते. पण ती किती टिकणार, हे ठरवणारे आपण नसतो.

अमेरिकेतील कॅलिफोर्निया राज्याने याची दखल घेऊन सप्टेंबर २०२४ मध्ये कायदा केला आणि तो १ जानेवारी २०२५ पासून लागू झाला. ग्राहकाला केवळ परवाना मिळत असेल तर तसे स्पष्ट सांगितल्याशिवाय दुकानदाराने 'खरेदी' हा शब्द वापरू नये, असे त्याचे सार आहे. संगणकावरील खेळांचे मोठे दुकान असलेल्या 'स्टीम'ने ऑक्टोबर २०२४ पासूनच पैसे भरण्याच्या पानावर तशी सूचना लावली. निदान खरे बोलायला सुरुवात झाली.

डिस्कचे मोल

डिस्कची गोष्ट वेगळी. ती हातात येते. मित्राला देता येते, त्याची आपण आणता येते. खेळून झाली की विकता येते. समजा, नवा खेळ ४,९९९ रुपयांना डिस्कवर घेतला आणि दोन महिन्यांनी तो ३,००० रुपयांना विकला. खेळ पडला १,९९९ रुपयांना. तोच खेळ डिजिटल दुकानातून ४,९९९ रुपयांना घेतला तर तो पडला पूर्ण ४,९९९ रुपयांना. किंमत एकच, पण एकात मोड येते आणि दुसऱ्यात येत नाही. भांडी घेताना आपल्या आया-आज्या पितळेची मोड किती येईल हे पाहत. तीच नजर येथेही हवी.

हा हक्कही सहज टिकलेला नाही. २०१३ साली मायक्रोसॉफ्टने नव्या एक्सबॉक्सवर वापरलेल्या डिस्कच्या देवघेवीवर बंधने घालण्याचे जाहीर केले होते. ग्राहकांनी एवढा गदारोळ केला की त्याच वर्षी १९ जूनला कंपनीला ते मागे घ्यावे लागले. आता बंधन घालावे लागत नाही, डिस्कची खाचच यंत्रातून काढली जाते. भारतात प्लेस्टेशन ५ फेब्रुवारी २०२१ मध्ये आले तेव्हा डिस्क चालणारे यंत्र ४९,९९० रुपयांना आणि बिनडिस्कचे ३९,९९० रुपयांना होते. एक्सबॉक्सच्या स्वस्त 'सिरीज एस' यंत्रालाही डिस्कची खाच नाही. दहा हजार वाचले म्हणून आपण खूश होतो. पण त्या दहा हजारांबरोबर जुनी डिस्क घेण्याचा, मित्राची आणण्याचा आणि आपली विकण्याचा मार्ग बंद होतो. पाच-सहा डिस्क घेतल्या-विकल्या की ते दहा हजार भरून निघतात. म्हणून यंत्र घ्यायच्या आधीच हा विचार करावा. नंतर उपयोग नाही.

डिस्क घेतानाही डोळे उघडे ठेवावेत. काही खेळ 'द क्रू'सारखे सर्व्हरशिवाय चालत नाहीत. निंटेंडोच्या २०२५ साली आलेल्या स्विच २ यंत्रासाठी तर काही कार्डे अशी मिळतात की त्यांत खेळ नसतोच, फक्त किल्ली असते. खेळ इंटरनेटवरून उतरवावा लागतो. वेष्टनावर तसे छापलेले असते. वाचून घ्यावे.

चार घरे, चार हिशेब

कोणता मार्ग चांगला, याचे एकच उत्तर नाही. घरातले मूल कसे खेळते यावर ते ठरते. चार प्रकारची घरे डोळ्यांसमोर आणा.

पहिल्या घरातला मुलगा वर्षभर एकच खेळ खेळतो. क्रिकेट, फुटबॉल किंवा शर्यत. त्याला शेकडो खेळांच्या यादीची गरज नाही. त्याने तो एक खेळ घ्यावा, शक्यतो डिस्कवर. गेम पासच्या वरच्या दर्जाचे १,३८९ रुपयांच्या दराने वर्षाचे १६,६६८ रुपये होतात. तेवढ्यात ४,९९९ रुपयांचे तीन नवे खेळ येऊन वर पैसे उरतात. जो एकच खेळ खेळतो त्याने एवढी वर्गणी भरणे म्हणजे एका माणसासाठी मंगल कार्यालय भाड्याने घेणे.

दुसऱ्या घरातली मुलगी दर पंधरा दिवसांनी नवा खेळ मागते आणि जुना सोडून देते. तिच्यासाठी वर्गणीच स्वस्त. मधल्या दर्जाच्या ६,६९९ रुपयांत वर्षभर तिला हवे तेवढे खेळ चाखता येतील. तेच विकत घ्यायचे तर त्या रकमेत दीड खेळही येत नाही.

तिसऱ्या घरात शाळा, क्लास, परीक्षा यांतून खेळायला फक्त मे महिन्यात आणि दिवाळीत वेळ मिळतो. येथे वर्षाची वर्गणी भरणे व्यर्थ. वर्षाची वर्गणी स्वस्त पडते असे दुकान सांगेल. पण बारा महिने वापरले तरच ती स्वस्त. प्लेस्टेशनच्या मधल्या दर्जाचा महिन्याचा दर २०२२ साली ७४९ रुपये ठरला होता. दोन महिन्यांचे १,४९८. वर्षाचे ६,६९९. फरक पाच हजारांच्या पुढे जातो. सुट्टी लागली की वर्गणी सुरू, शाळा उघडली की बंद. यात लाज कसली?

चौथ्या घरात कुणालाच घाई नाही. अशा घराला सर्वांत स्वस्त पडते. नव्या खेळाची किंमत वर्षा-दीड वर्षात बरीच उतरते, दुकानात सवलतीही लागतात. कधी तो खेळ वर्गणीतही येतो. फुटबॉलचा 'ईए स्पोर्ट्स एफसी २४' सप्टेंबर २०२३ मध्ये पूर्ण किमतीला निघाला आणि मे २०२४ मध्ये प्लेस्टेशनच्या पहिल्या दर्जाच्या सभासदांना वर्गणीतच मिळाला. ज्याने आठ महिने कळ काढली त्याची पूर्ण किंमत वाचली. मात्र येथेही अट तीच. असा मिळालेला खेळ वर्गणी चालू असेतोवरच उघडतो.

नवा खेळ पहिल्या दिवशीच हवा असेल तर दोन कंपन्यांतला फरक जाणून घ्यावा. मायक्रोसॉफ्ट स्वतःचे नवे खेळ वरच्या दर्जाच्या वर्गणीत पहिल्याच दिवशी देते. सोनी आपले मोठे खेळ आधी विकते आणि पुष्कळ दिवसांनी वर्गणीत आणते.

न दिसणारे खर्च

खेळ विकत घेतला तरी तो इंटरनेटवरून दुसऱ्या घरातल्या मित्राशी खेळायचा असेल तर प्लेस्टेशनवर बहुतेक विकतच्या खेळांना वेगळी वर्गणी लागतेच. एक्सबॉक्सवरही तसेच. 'फोर्टनाइट'सारख्या मोफत खेळांना ती लागत नाही. मुलगा "विकत घेतला की पुन्हा खर्च नाही" म्हणत असेल तर त्याला विचारा, "एकट्याने खेळणार आहेस की मित्रांशी?" या एका प्रश्नाने हिशेब बदलतो.

दुसरा खर्च डेटाचा. मोठ्या खेळाचा आकार १०० जीबीच्या घरात जातो. दिवसाला २ जीबी मिळणाऱ्या मोबाईलच्या रिचार्जवर तो उतरवायला पन्नास दिवस लागतील. घरी वायरचे इंटरनेट नसेल तर वर्गणीतले शेकडो खेळ कागदावरच राहतात. कारण तेथे प्रत्येक नव्या खेळासाठी तेवढेच ओढावे लागते. अशा घराला डिस्कच बरी, जरी तिलाही अधूनमधून दुरुस्त्या उतरवून घ्याव्या लागल्या तरी.

तिसरा खर्च विसराळूपणाचा, आणि तो सर्वांत मोठा. वर्गणी भरताना कार्ड किंवा यूपीआय खाते जोडले जाते आणि दर महिन्याला पैसे आपोआप कापले जातात. मुलगा कधीचा खेळायचा थांबलेला असतो, कापणे मात्र थांबत नाही. रिझर्व्ह बँकेच्या नियमांनुसार १ ऑक्टोबर २०२१ पासून अशा आपोआप कपातीआधी किमान २४ तास ग्राहकाला सूचना मिळाली पाहिजे. तो संदेश मोबाईलवर येतो, पण जाहिरातींच्या गर्दीत आपण तो पुसून टाकतो. तसे करू नये. वर्गणी भरली त्याच दिवशी आपोआप नूतनीकरण बंद करून टाकावे. भरलेल्या मुदतीपर्यंत खेळ चालूच राहतात, आणि पुढच्या महिन्याचा निर्णय पुन्हा आपल्या हाती येतो.

खाते कुणाच्या नावावर?

हा मुद्दा कुणी विचारत नाही, पण पुढे घरात वाद होतो तो यावरूनच. डिजिटल खेळ यंत्रात नसतात, खात्यात असतात. थोरल्याच्या खात्यावर चार वर्षांत वीस खेळ घेतले, त्यांत आईचेही पैसे होते आणि बहिणीच्या शिकवण्यांचेही. उद्या त्याचे लग्न झाले, तो दुसऱ्या गावी गेला, तर ते वीसही खेळ त्याच्या खात्याबरोबर जातात. त्यांची वाटणी करता येत नाही. खाते दुसऱ्याच्या नावावर करण्यास कंपन्यांच्या अटी मनाई करतात. डिस्क असत्या तर दहा तुझ्या, दहा माझ्या, असे सहज झाले असते.

म्हणून घरातले खरेदीचे खाते आई किंवा वडिलांच्या ईमेलवर उघडावे आणि मुलांची खाती त्याखाली जोडावीत. त्या यंत्राला आपले मुख्य यंत्र ठरवले की एका खात्यावर घेतलेला खेळ त्याच यंत्रावर घरातली दुसरी मुलेही आपापल्या खात्यांतून खेळू शकतात. तोच खेळ दोनदा घेण्याची गरज नाही. पासवर्ड घरच्या वहीत लिहून ठेवावा. पासवर्ड गेला, ईमेल बंद पडला आणि खाते हातचे गेले, तर खेळ परत मिळवणे जिकिरीचे होते.

आणखी एक सावधगिरी. प्लेस्टेशनच्या दुकानातून घेतलेला खेळ नको वाटला तर १४ दिवसांच्या आत पैसे परत मागता येतात, पण तो उतरवायला सुरुवात केली नसेल तरच. म्हणून पैसे भरल्याबरोबर घाईने 'डाऊनलोड' दाबू नये.

हक्क माहीत हवेत

भारतात ग्राहक संरक्षण कायदा २०१९ हा जुलै २०२० पासून लागू आहे आणि तो इंटरनेटवरील खरेदीलाही लागू होतो. नोव्हेंबर २०२३ मध्ये केंद्रीय ग्राहक संरक्षण प्राधिकरणाने ग्राहकाला फसवणाऱ्या तेरा क्लृप्त्यांची यादी करून त्यांवर बंदी घातली. त्यांत 'वर्गणीचा सापळा' हीदेखील एक आहे. वर्गणी बंद करण्याची वाट मुद्दाम अवघड करणे, ती लपवून ठेवणे, हे आता नियमभंगात मोडते. असा अनुभव आल्यास १९१५ या राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनवर तक्रार करता येते. तक्रार करताना पैसे कापल्याचा संदेश, तारीख आणि पडद्याचे छायाचित्र जवळ ठेवावे. नुसत्या तोंडी गाऱ्हाण्याला वजन नसते.

आणि एकट्याचे कोण ऐकतो, असे म्हणून गप्प बसू नये. सोनीने मार्च २०२१ मध्ये प्लेस्टेशन ३ आणि व्हिटा या जुन्या यंत्रांची दुकाने बंद करण्याचे जाहीर केले. ग्राहकांनी आवाज उठवला आणि एप्रिलमध्येच कंपनीला निर्णय बदलावा लागला. 'द क्रू' बंद पडल्यावर 'स्टॉप किलिंग गेम्स' ही चळवळ उभी राहिली. विकलेला खेळ कंपनीने असा मारून टाकू नये, या मागणीवर युरोपात जुलै २०२५ पर्यंत दहा लाखांहून अधिक सह्या झाल्या. मधल्या काळात, सप्टेंबर २०२४ मध्ये, त्याच युबिसॉफ्टला आपल्या पुढच्या दोन शर्यतींच्या खेळांना सर्व्हरशिवाय चालण्याची सोय देण्याचे आश्वासन द्यावे लागले. एकेकटा ग्राहक दुबळा असतो. एकत्र आलेल्या ग्राहकांना कंपनीला उत्तर द्यावे लागते.

थोडक्यात सांगायचे तर

वर्गणी हे उघड भाडे आहे. डिजिटल खरेदी हे एकरकमी भरलेले लांब मुदतीचे भाडे आहे. मालकीच्या सर्वांत जवळची डिस्क, तीही नीट पारखून घेतली तर. भाडे देणे वाईट नाही. मालकीची किंमत मोजून भाडेकरूचा हक्क पदरात पाडून घेणे वाईट.

तेव्हा खूप खेळ थोडे थोडे खेळायचे असतील तर सुट्टीपुरती वर्गणी घ्या. एखादा खेळ मनापासून आवडतो, पुन्हा पुन्हा खेळायचा आहे, तर तो डिस्कवर घ्या. डिजिटल दुकानातून घ्यायचाच असेल तर पूर्ण किमतीला घेऊ नका, सवलतीची वाट पाहा. त्याची मोड येणार नाही, तेव्हा मोडीची रक्कम किमतीतून आधीच वजा झालेली असली पाहिजे. आणि यंत्र अजून घ्यायचे असेल तर डिस्कची खाच असलेले घ्या.

हा सगळा हिशेब मुलांनाच मांडायला सांगा. एक कागद घ्या, गेल्या वर्षभरात कोणते खेळ खेळला, कितीला पडले, किती वेळ खेळला, हे त्यांच्या हाताने लिहून घ्या. बहुतेक घरांत उत्तर त्या कागदावरच मिळेल. शिवाय ज्या मुलाला 'परवाना' आणि 'मालकी' यांतला फरक वयाच्या पंधराव्या वर्षी कळला, तो पुढे घराचा करारनामा, कर्जाचा कागद किंवा नोकरीचे नेमणूकपत्र न वाचता सही करणार नाही. चार हजारांच्या खेळावर हा धडा मिळाला तर तो स्वस्तच म्हणायचा.